बाळाला न्हाऊ घालताना

सकाळचे नऊ-दहा वाजलेले असतात. ऊन अंगणात आलेले असते. चुलीवर पाणी तापत असते. आजी न्हाणीत पाटावर बसते. पाय लांब करते. बाळाला पायांवर घेते. पाण्याचा पहिला तांब्या पडतो आणि बाळ रडू लागते. ते रडणे चार घरे ऐकू जाते. कोणी म्हणते, "रडू दे. रडले की छाती मोकळी होते." आंघोळ संपते. बाळ दमून झोपी जाते.

पेण असो की रोहा, खारेपाटातले गाव असो की डोंगरातली वाडी, हे चित्र तुमच्या-आमच्या ओळखीचे आहे. ही रीत जुनी आहे आणि मुळात चांगली आहे. आजीच्या पायांची ऊब, कोमट पाणी, तेलाचा मऊ हात, यांत बाळाला सुखच आहे. मग बाळ रडते का? आणि कुठे ना कुठे आंघोळीच्या पाण्याने मूल भाजते किंवा बादलीत पडते, ते का?

त्याचे कारण रीतीत नाही. ते आपल्या घाईत आणि काही चुकीच्या समजुतींत आहे. आमच्या स्वतःच्या घरातही एकदा अशी चूक झाली. ती पुढे सांगू. रीत सोडायची नाही. तिच्यातले धोके तेवढे काढायचे. ते कसे काढायचे, ते या धड्यात पाहू.

पहिली आंघोळ केव्हा घालावी?

पूर्वी बाळ जन्मले की लगेच न्हाऊ घालीत. नव्या बाळाच्या अंगावर पांढरा चिकट थर असतो. लोकांना ती घाण वाटते. पण ती घाण नव्हे. तो थर बाळाच्या कातडीचे रक्षण करतो. तो खरवडून काढू नये. मऊ, कोरड्या कापडाने बाळाला टिपून घ्यावे. मग त्याला आईच्या उघड्या छातीशी ठेवावे. वरून दोघांवर पांघरूण घालावे.

जागतिक आरोग्य संघटना सांगते, की जन्मानंतर निदान २४ तास बाळाला आंघोळ घालू नये. असे का?

आपल्या घरातला मातीचा माठ आठवा. माठातले पाणी गार का होते? माठातून पाणी झिरपते. ते वाऱ्याने उडून जाते. उडताना ते माठातली उष्णता घेऊन जाते. ओल्या बाळाचे तसेच होते. अंगावरचे पाणी उडते आणि बाळाची ऊब घेऊन जाते. मोठा माणूस ओला झाला तर कुडकुडतो आणि पुन्हा गरम होतो. नव्या बाळाला कुडकुडता येत नाही. ते मुकाट्याने गार पडत जाते. गार पडलेले बाळ नीट दूध ओढत नाही. दूध कमी पडले की ते आणखी गार पडते. त्यातून जिवावर बेतते.

बाळाचे वजन अडीच किलोपेक्षा कमी असेल, किंवा ते दिवस भरण्याआधी जन्मले असेल, तर अधिक जपावे. डॉक्टर किंवा नर्सबाई सांगतील तोपर्यंत त्याला आंघोळ घालू नये. कोमट पाण्यात पिळलेल्या फडक्याने पुसावे. एक-एक अवयव पुसावा. बाकीचे अंग झाकलेले असावे.

नाळ कोरडी ठेवा

बेंबीची नाळ साधारण एक-दोन आठवड्यांत आपोआप गळून पडते. तोपर्यंत बाळाला पुसून घेणेच बरे. नाळेवर पाणी गेले तर स्वच्छ कापडाने टिपून ती कोरडी करावी. तिच्यावर हळद, राख, शेण, तेल, काही लावू नये. डॉक्टरांनी औषध दिले असेल तर तेवढेच लावावे.

शेण-राखेतून नाळेला धनुर्वाताचे जंतू लागत. कितीतरी बाळे त्याने दगावत. गरोदर बायकांना लस मिळू लागली, बाळंतपणे दवाखान्यात होऊ लागली, नाळ स्वच्छ पात्याने कापली जाऊ लागली. म्हणून तर २०१५ साली भारताने या रोगावर विजय मिळवला, असे जागतिक आरोग्य संघटनेने जाहीर केले. हा विजय आपल्या अंगणात टिकवणे आपल्याच हाती आहे.

गडचिरोलीने काय दाखवले?

कोणी म्हणेल, ऊब आणि कोरडे कापड, एवढ्याशा गोष्टींनी काय होणार? तर आपल्याच महाराष्ट्रातली हकिकत ऐका.

गडचिरोली हा जंगलाचा जिल्हा. डॉ. अभय बंग आणि डॉ. राणी बंग हे पती-पत्नी तिथे 'सर्च' नावाची संस्था चालवतात. त्यांनी १९९० नंतरच्या वर्षांत ३९ गावांत एक काम केले. गावातल्याच बायकांना शिकवले. बाळाला उबदार कसे ठेवावे, आईचे दूध कसे द्यावे, आजार लवकर कसा ओळखावा, हे त्या बायका घरोघर जाऊन पाहू लागल्या. काही वर्षांत त्या गावांतले नवजात बाळांचे मृत्यू निम्म्याहून अधिक घटले. १९९९ साली ही माहिती जगातल्या डॉक्टरांपुढे आली. पुढे २०११ पासून सरकारने हीच पद्धत आशाताईंच्या हाती देशभर दिली.

आपल्या गावची आशाताई बाळाच्या ३, ७, १४, २१, २८ आणि ४२व्या दिवशी घरी येते. बाळंतपण घरी झाले असेल तर पहिल्या दिवशीही येते. ती बाळाचे वजन करते. ताप मोजते. तिला चहा जरूर द्या. पण आधी तिचे म्हणणे ऐका.

आधी तयारी, मग बाळ

आता आंघोळीकडे वळू. पहिला नियम हा, की सगळी तयारी झाल्याशिवाय बाळाचे कपडे काढू नयेत.

हाताशी काय काय असावे? कोमट पाण्याची बादली. तांब्या. साधा साबण किंवा मऊ डाळीचे पीठ. दोन मऊ पंचे. कोरडे दुपटे. झबले, टोपडे, लंगोट. सगळे हात पोचेल इतक्या जवळ ठेवावे. दार-खिडकीतून वारा येत असेल तर ती लावून घ्यावी. आपली नखे कापलेली असावीत. बांगड्या, अंगठ्या काढून ठेवाव्यात. हात साबणाने धुवावेत. बाळ नुकतेच दूध प्यायले असेल तर थोडे थांबावे, नाहीतर ते ओकते. फार भुकेलेले असेल तरीही ते रडते.

पेणचे मूर्तिकार पाहा. ओल्या मातीची मूर्ती हलवायची तर ते आधी जागा मोकळी करतात. मग दोन्ही हातांनी मूर्ती उचलतात. मूर्ती हातात असताना फळी शोधायला जात नाहीत. बाळ तर मातीचे नाही, जिवंत आहे. साबण लागला की ते माशासारखे निसटते. म्हणून एक गोष्ट मनात पक्की धरा. आंघोळ संपेपर्यंत बाळावरचा हात काढायचा नाही.

दारावर कोणी हाक मारली, मोबाइल वाजला, भात करपला, तरी बाळाला ठेवून उठू नये. जायचेच असेल तर बाळाला पंच्यात गुंडाळून बरोबर न्यावे.

आधी गार, मग गरम

आता आमच्या घरातली गोष्ट सांगतो. आमची नात तेव्हा दहा महिन्यांची होती. आमच्या घरी बादलीत आधी कढत पाणी ओतायचे आणि मग विसण घालायचे, अशी सवय होती. त्या दिवशी कढत पाणी ओतले आणि गार पाणी आणायला सूनबाई वळली. तेवढ्यात पोर रांगत बादलीशी गेली. तिने हात आत घातला.

तिची किंकाळी ऐकून आम्ही धावलो. आमच्या लहानपणी भाजले की शाई लावीत. तेच आठवले. आम्ही दौत आणली आणि पोरीच्या हातावर शाई ओतली. दवाखान्यात नेल्यावर डॉक्टरांना जखम दिसेना. सगळा हात निळा! ती शाई धुताना पोरीने जो आकांत केला, तो आमच्या कानांत अजून आहे. जन्मभर पोरांना शिकवले, पण त्या दिवशी आम्हीच नापास झालो. सूनबाईला कोणी बोल लावू नये. सवय सगळ्या घराची होती.

त्या दिवसापासून आमच्या घरी नियम झाला. आधी गार, मग गरम. रिकाम्या बादलीत आधी गार पाणी घ्यावे. त्यात गरम पाणी थोडे थोडे घालावे. मग मध्येच उठावे लागले तरी बादलीत नुसते कढत पाणी राहत नाही.

६० अंश उष्ण पाण्याने मोठ्या माणसाची कातडीसुद्धा काही सेकंदांत भाजते. बाळाची कातडी तर फार पातळ. पाणी हाताने चांगले ढवळावे. मग आपले कोपर पाण्यात बुडवावे. तळहात काम करून राठ झालेला असतो, त्याला पाण्याचा खरा अंदाज येत नाही. कोपराला पाणी ना गार, ना गरम लागले, म्हणजे ते बाळाजोगे झाले. आपल्या अंगाची ऊब ३७ अंशांच्या आसपास असते. पाणीही तेवढेच असावे. बाळ अंगावर असताना बादलीत कढत पाणी ओतू नये.

आता पुष्कळ घरांत विजेची कांडी बादलीत टाकून पाणी तापवतात. ती चालू असताना पाण्यात बोट घालू नये. आधी बटण बंद करावे, मग प्लग काढावा, मग कांडी काढावी. रांगते मूल घरात असेल तर कांडी लावलेली बादली एकटी सोडू नये. गॅसवरचा गिझर बंद न्हाणीघरात लावू नये. त्यातून विषारी वायू साठतो. त्याला वास नसतो आणि माणूस बेशुद्ध पडतो.

मूल भाजलेच तर काय करावे? भाजलेल्या जागी लगेच साधे गार पाणी सोडावे. २० मिनिटे सोडावे. नळ नसेल तर तांब्याने सावकाश ओतावे. बाकीचे अंग पांघरुणात उबदार ठेवावे. बर्फ, तेल, हळद, टूथपेस्ट आणि शाई, काही लावू नये. मग स्वच्छ कापडाने झाकून दवाखान्यात न्यावे.

पायांवरची आंघोळ

पायांवर घेऊन न्हाऊ घालणे सोयीचे आहे. पाट हलता नसावा. फरशी निसरडी नसावी. मान न धरलेल्या बाळाच्या डोक्याला आणि मानेला सतत आधार द्यावा.

आधी ओल्या, मऊ कापडाने तोंड पुसावे. डोळे आतून बाहेर पुसावेत. एका डोळ्याचे टोक दुसऱ्याला वापरू नये. तोंडाला साबण नको. मग मान, छाती, हात, पाय. मानेच्या, काखेच्या, जांघेच्या वळ्यांत मळ आणि दूध साठते. तिथे बोटाने हळू धुवावे. मुलीला पुढून मागे धुवावे. मुलाची लघवीच्या जागेची कातडी मागे ओढू नये.

डोके शेवटी धुवावे, कारण डोक्यातून ऊब लवकर जाते. कपाळावर आपला तळहात छपरासारखा आडवा धरावा. पाणी मागे जाऊ द्यावे. धार हळू असावी. तोंडावर, नाकावर धार पडली तर बाळ गुदमरते. पालथे घेतले असता तर फारच जपावे. नाक-तोंड मोकळे आहे ना, हे पाहत राहावे.

सगळे पाच मिनिटांत आटपावे. लगेच पंच्यात घ्यावे. चोळू नये, टिपावे. आधी डोके कोरडे करावे. मग टोपडे आणि झबले घालून आईच्या कुशीत द्यावे. रोज आंघोळ घातलीच पाहिजे असे नाही. मुसळधार पावसाचा, गारठ्याचा दिवस असेल तर पुसून घेतले तरी चालते. पावसाळ्यात गढूळ पाणी येते. ते गाळून, उकळून, मग कोमट करून वापरावे. पावसात लंगोट सर्द राहतात. ते नीट वाळल्याशिवाय बाळाला घालू नयेत, नाहीतर जांघेत पुरळ येते.

एवढे मात्र सोडा

आजीबाई रागावतील, पण सांगणे भाग आहे.

नाकात, कानात तेल घालू नका. नाकातले तेल फुप्फुसात जाते आणि तिथे सूज येते.

नाकात फुंकर मारू नका. टाळू दाबू नका. टाळू वाढीबरोबर आपोआप भरते.

नव्या बाळाची छाती कधी कधी सुजल्यासारखी दिसते. ती पिळू नका. ती आपोआप ओसरते. पिळली तर तिच्यात पू होतो.

बंद खोलीत कोळशाची शेगडी आणि धुरी नको. धूर बाळाच्या छातीत जातो, आणि निखाऱ्याने भाजण्याचे भय असते.

डोळ्यांत काजळ नको. काही काजळांत शिसे असते, ते विष आहे. तोंडाजवळ पावडरही उडवू नका.

मालिश मात्र जरूर करा. आपल्याकडचे खोबरेल तेल उत्तम. हात हलका असावा. हात-पाय ओढून ताणू नयेत.

पिंप, बादली आणि रांगते मूल

पेणच्या खारेपाटात, वाशी-शिर्कीकडे, उन्हाळ्यात पाण्याचे हाल असतात. पाणी आले की घरोघर पिंपे, बादल्या, हंडे भरून ठेवतात. ते ठेवावेच लागतात. पण मूल रांगू लागले की हेच साठवलेले पाणी त्याचे वैरी होते.

लहान मुलाचे डोके अंगाच्या मानाने जड असते. ते बादलीत वाकून पाहते आणि तोल जाऊन उलटे पडते. त्याला पुन्हा वर येता येत नाही. वीतभर पाणी पुरते. वीत कशाला, दोन-तीन बोटे पाण्यात नाक-तोंड बुडाले तरी बाळ गुदमरते. आणि ते ओरडत नाही. शेजारच्या खोलीत बसलेल्या आईला आवाजही येत नाही.

म्हणून भरलेल्या पिंपावर घट्ट झाकण ठेवा. आंघोळ झाली की बादली, घंगाळ, टब लगेच रिकामे करा. ते पाणी परसातल्या झाडांना घाला, वाया जाणार नाही. न्हाणीच्या दाराला कडी लावा. मोठ्या भावंडावर भरवसा ठेवून आंघोळीतल्या बाळाला सोडू नका. सहा वर्षांची ताई स्वतःच लहान असते.

आंघोळ म्हणजे बाळाचा खेळ

आता आनंदाची गोष्ट. रडल्याने छाती मोकळी होते, हा समज खरा नाही. पहिल्या श्वासाबरोबर छाती मोकळी झालेलीच असते. बाळ रडते ते सांगण्यासाठी. पाणी गरम आहे, वारा लागतो, धार तोंडावर येते, भूक लागली, भीती वाटते. कारण काढून टाका, बाळ शांत होते.

बाळाशी बोला. "आता पाय धुवू हं, आता हात" असे सांगत सांगत धुवा. नव्या बाळाला वीत-दीड वीत अंतरावरचा चेहरा बरा दिसतो. पायांवरून ते तुमचेच तोंड पाहत असते. आईचा आवाज तर ते पोटात असल्यापासून ओळखते. गाणे म्हणा. गळा चांगला नसला तरी बाळ तक्रार करत नाही.

मूल बसू लागले की पसरट भांड्यात चार बोटे पाणी घ्या. एक वाटी, एक हलका चेंडू द्या. ते पाणी ओतते, थपथप मारते, खिदळते. ओतले की सांडते, टाकले की तरंगते, हे त्याचे पहिले शिक्षण. पण तेव्हाही तुमचा एक हात त्याच्या पाठीशी असावा.

आणि पुरुष मंडळींनो, ही एकट्या बायकांची कामे नव्हेत. आम्ही म्हातारपणी धाकट्या नातवाला न्हाऊ घालायला शिकलो. पहिल्या दिवशी हात कापले. आठ दिवसांनी आम्हांला पाहिले की बाळ पाय झाडून हसू लागले. ज्याच्या हातांना बाळ ओळखते, तो बाप खरा श्रीमंत.

दवाखान्यात केव्हा न्यावे?

बाळाचे हात-पाय-पोट गार लागते, किंवा ताप आहे. दूध ओढत नाही. मलूल पडले आहे. श्वास मिनिटाला ६० किंवा जास्त चालतो, किंवा छाती आत ओढली जाते. झटके येतात. नाळेभोवती लाली किंवा पू आहे. यांतले एकही दिसले तर त्या दिवशी आंघोळ नको. बाळाला छातीशी धरून दवाखान्यात न्यावे. १०८ क्रमांकावर फोन केला की रुग्णवाहिका येते, पैसे पडत नाहीत.

ध्यानात ठेवा

१. पहिले २४ तास आंघोळ नको.
२. नाळ कोरडी, बाळ उबदार.
३. आधी तयारी, मग बाळ.
४. आधी गार, मग गरम. कोपराने पाहावे.
५. बाळावरचा हात काढू नये.
६. पाणी वापरून झाले की भांडे रिकामे.

आमच्या नातीच्या हातावर फिकट डाग राहिला आहे. ती आता शाळेत जाते. त्या डागाकडे पाहिले की आम्हांला आमचा धडा आठवतो. हा धडा तुम्ही डागावाचून शिकावा, एवढीच आमची इच्छा. वाचता येत नाही अशा शेजारणीलाही तो वाचून दाखवा.